नावेतला दवाखाना

लुशियन रे आमच्या गावात डॉक्टर म्हणून आला, तेव्हा होड्यांच्या शर्यतीत जिंकलेले तीन चांदीचे पेले त्याच्याकडे होते आणि रोगी एकही नव्हता. ‘वल्हं मारणारा साहेब नाडी काय बघणार!’ असं बायका म्हणायच्या.

मी जेबेझ टल, टेम्सवरचा नावाडी. पहिल्याच भेटीत मी त्याला डिवचलं, “पेले तुम्हाला मिळायचेच हो, डॉक्टरसाहेब! आमच्यासारख्या हातावर पोट असलेल्यांना तुमच्या शर्यतीत घेतात कुठे?”

वाटलं, चिडेल. पण तो खाली बघून म्हणाला, “खरंय तुझं. पोटासाठी वल्हं मारणाऱ्याशी नुसती पैज लावली तरी आमचा होड्यांचा क्लब माझं नाव कापेल.”

“मग राहू द्या. जपा ते नाव!” मी म्हणालो.

मार्चात नदीला पूर आला. नाव काठाला ओढताना माझा उजवा खांदा निखळला. माझी बायको केझाया धावत जाऊन त्यालाच घेऊन आली. त्याने बूट काढला, टाच माझ्या काखेत रोवली आणि माझा हात असा खेचला की मी गाव डोक्यावर घेतलं. कट्कन आवाज झाला, खांदा जागेवर बसला.

“सहा आठवडे वल्ह्याला हात लावायचा नाही.”

“आणि पोरांना काय तुमचे पेले खायला घालू?” केझाया कडाडली.

दुसऱ्या सकाळी बघतो तर डॉक्टर बाह्या सारून माझ्या नावेत! उतारू नेऊ-आणू लागला, भाडं आणून केझायाच्या हातात देऊ लागला. पलीकडचा काठ येईपर्यंत माणसं बोलणारच. कुणाचा खोकला निघे, कुणाचा गुडघा. पॉमफ्रेची म्हातारी तर काम नसताना दोन-दोन फेऱ्या करायची आणि त्याला जीभ दाखवत बसायची. महिनाभरात त्याच्या दवाखान्यात बसायला जागा पुरेना.

बातमी क्लबात पोचली. भाडं घेऊन नाव चालवली म्हणून त्याचं नाव कापलं. ते पत्र घेऊन तो माझ्याकडे आला. मला मान वर करवेना.

“माझ्यापायी झालं हे, साहेब.”

“अरे, आता मीही तुझ्याच पंगतीतला!” तो हसत सुटला. “आता मला अडवणार कोण? बरा हो लवकर, शर्यत लावायचीय.”

जूनमधल्या रविवारी चर्च सुटल्यावर सगळं गाव काठावर लोटलं. मी दोन होड्यांचं अंतर राखून जिंकलो. तो धापा टाकत गवतावर आडवा झाला. केझायाने त्याच्या हातात बिअरचा मग दिला.

“प्या, डॉक्टर. हरल्यावर जास्तच गोड लागते.”

“पुढच्या वर्षी बघतोच याला!”

अकरा वर्षं तो हरला. बाराव्या वर्षी अर्ध्या होडीने जिंकला, तेव्हा त्याने दवाखान्याला कुलूप ठोकलं आणि दारावर चिठ्ठी लावली, ‘आज कुणीही आजारी पडू नये.’ कुणी पडलंही नाही. पडले ते दुसऱ्या दिवशी, आणि तेही त्यानेच पाजलेल्या बिअरने.