बापाचं वाक्य

शंभर वर्षांपूर्वीचा जपानी मूकपट, आणि त्याला आवाज कोणाचा, तर शारजाच्या हमरिया फ्री झोनमधल्या एका परचेस मॅनेजरचा! "डोकं फिरलंय का तुझं?" मी मिहिकाला म्हटलं.

"बाबा, प्लीज. यू हॅव द व्हॉइस."

मग तिनेच समजावलं. त्या काळी जपानमध्ये पडद्याशेजारी एक माणूस उभा राहून सगळ्या पात्रांचे संवाद बोलायचा. त्याला बेन्शी म्हणतात. लेकीला मराठी बेन्शी हवा होता. येत्या गुरुवारी ती सिनेमा शिकायला क्योटोला निघणार होती आणि तिथे हे रेकॉर्डिंग दाखवणार होती.

मिहिकाची आई, शोभना, गेल्यापासून घरात आम्ही दोघंच. अॅडमिशनची बातमी आल्यापासून, चार महिने, मी "छान, छान" करतोय. छान कसलं डोंबलाचं!

शनिवारी दुपारी बसलो. आवाज येतो म्हणून एसी बंद. उम्म अल कुवैनचा ऑगस्ट, आणि एसी बंद! लॅपटॉपवर एक विधुर कोळी मुलीला निरोप द्यायला धक्क्यावर उभा होता. त्याचे नुसते ओठ हलत होते. मिहिकाने त्याच्यासाठी लिहिलं होतं: "जा पोरी. माझी काळजी करू नकोस."

पहिल्यांदा मी खोकलो. दुसऱ्यांदा वैतागलो. "असं कुठला बाप बोलतो गं?"

"बाबा, जस्ट रीड इट."

तिसऱ्यांदा म्हातारा ओठ हलवायला लागला आणि मी बोलून गेलो, "जाऊ नकोस गं. मी एकटा काय करू या घरात?"

धक्क्यावर कसलं आलंय घर!

मिहिकाने हेडफोन काढले. तिचे डोळे भरले होते. "आय वोन्ट गो, बाबा. मी आजच मेल करते त्यांना."

हेच तर ऐकायचं होतं मला. खोटं कशाला बोलू, क्षणभर इतकं बरं वाटलं की मी तिला अडवलंच नाही. तिने मेल उघडलासुद्धा. "आय रिग्रेट" एवढं टाइपही केलं. मला माझीच लाज वाटली.

"खलास! बंद कर ते," मी म्हटलं. "अगं, अभिनय केला मी. बेन्शी करतात ना तसा? यल्ला, चल, परत लाव."

तिने माझ्याकडे निरखून पाहिलं. मग सीन परत लावला.

म्हाताऱ्याने हात वर केला. मी घसा खाकरला. "जा पोरी. माझी काळजी करू नकोस."

या वेळी वाक्य इतकं खणखणीत आलं की तिला ते खरं वाटलं.