सदतीस अंशांचा काटा

"हलला! काटा हलला!"

सरोवराच्या उत्तर काठावर जमलेली चाळीसेक माणसं एका दमात ओरडली आणि लगेच चर्चमध्ये बसल्यासारखी चिडीचूप झाली. मधोमध राउतियो उभा होता. हातात जाड कातडी हातमोजे, गळ्यात पट्टा आणि पट्ट्याला तांब्याचा कर्णा बसवलेली पेटी. पेटीवरच्या तबकडीचा काटा सदतीसवर जाऊन डुगडुगत होता.

"देह बोलतो, मंडळी!" राउतियोने सूर लावला. "प्रत्येक देह स्वतःच्या उबेने लहरी सोडतो. बर्फाची काय बिशाद त्यांना अडवायची! सदतीस अंश म्हणजे जिवंत. आपला आर्वो इथंच आहे, पायाखाली. खणा!"

वाऱ्याने रचलेल्या पुरुषभर उंच ढिगाऱ्यावर लोक तुटून पडले. सकाळपासूनचा हा चौथा खड्डा. पहिल्या तिन्हींत बर्फाखेरीज काही निघालं नव्हतं, पण चमत्कार फसला की दोष नेहमी खणणाऱ्याचाच असतो.

सायमीही फावडं मारत होती. आर्वो तिचा धाकटा भाऊ. काल दुपारी गोठलेल्या सरोवरात बर्फाखाली लावलेली मासळीची जाळी बघायला स्नोमोबाइलवरून दक्षिणेला गेला, तो परतलाच नाही. रात्रीच्या हिमवर्षावाने त्याचा माग पुसून टाकला. उणे पंधरात माणूस किती तग धरतो, हे इथल्या शेंबड्या पोरालाही ठाऊक होतं. स्वयंसेवक दलाचा प्रमुख जाल्मारी उजाडताच माणसांची रांग लावून दक्षिण काठ चाळणार होता. तेवढ्यात हरवलेली माणसं शोधून देतो म्हणणारा राउतियो पेटी घेऊन उगवला आणि सगळं गाव त्याच्यामागे उत्तरेला आलं.

सायमीची पंचाईत अशी, की राउतियो बरळत होता त्यातलं निम्मं खरं होतं. ती संशोधन केंद्राच्या मनोऱ्यावरचा मायक्रोवेव्ह रेडिओमीटर सांभाळायची. माती, बर्फ, समुद्र, हवा, सगळंच आपापल्या उबेने अगदी क्षीण लहरी सोडतं. त्या टिपून बर्फ किती साचला, माती किती ओली आहे, हे ते यंत्र सांगायचं. तसलीच यंत्रं उपग्रहांवरून समुद्र आणि ढग बघतात.

"तुझं यंत्र बर्फाखालचं बघतं ना?" रात्री आईने, त्यूनेने, विचारलं होतं. "मग माझ्या लेकाला बघ की!"

"त्याला माणूस शोधता येत नाही गं आई. उपग्रहाला तर आपलं अख्खं सरोवर म्हणजे एक ठिपका."

"मग काय चाटायचंय ते यंत्र?"

सकाळी राउतियो म्हणाला, माझ्या पेटीला दिसतो. झालं, आई निघाली. सायमीही निघाली. आपल्याला जमत नाही ते याला जमत असेल तर जमू दे, असं तिला मनापासून वाटलं. तिला भाऊ हवा होता.

चौथ्या खड्ड्यात फावडं गोठलेल्या लव्हाळ्यावर खणकलं.

"लहरी सरकल्या," राउतियो बिनदिक्कत म्हणाला. "पोरगं हालचाल करतंय. शुभ चिन्ह!"

सायमीने फावडं फेकलं. "राउतियो, पेटी आभाळाकडे धरा."

"ते कशाला?"

"आम्ही रोज यंत्र आधी आभाळाकडे धरतो. आभाळ फार थंड, आकडा धाडकन खाली यायला हवा. मग ठाऊक असलेल्या उबेचा काळा फोम समोर धरतो, तेव्हा वर जायला हवा. हे जुळलं तरच पुढच्या आकड्यावर विश्वास."

"ही पेटी श्रद्धेवर चालते, पोरी."

"मग श्रद्धेने वर धरा," जाल्मारी गुरगुरला.

जड पेटी उचलायला राउतियोला दोन्ही हात लावावे लागले. काटा चढला आणि सदतीसवर थांबला.

"बघा! आभाळाचाही देह झाला!" सायमी ओरडली.

कुणीही हसलं नाही. घसरगाडीवर घोंगडी पांघरून बसलेली त्यूने उठली आणि वर बघत राहिली.

"वर दाखवतंय," ती म्हणाली. "म्हणजे तो वर गेला. गेला माझा आर्वो!" आणि ती गुडघ्यांवर कोसळली.

राउतियोने टोपी काढली. त्या हरामखोराने खरंच टोपी काढली! "धीर धर, माउली. पेटी खोटं बोलत नाही." मग एकेकाने टोपी काढली, फावडी खाली ठेवली. दोन तासांचा उजेड शिल्लक होता आणि गाव शोध थांबवायला निघालं होतं.

सायमीने झडप घालून राउतियोचा उजवा हातमोजा ओढला. आतून काळा गोळा निसटला आणि टणकन फावड्याच्या पात्याला चिकटला. लोहचुंबक! जाल्मारीने पेटी हिसकावून झाकण उचकटलं. कर्ण्यामागे तारसुद्धा नव्हती. काट्याच्या बुडाला लोखंडाचा तुकडा आणि वजनासाठी दोन विटा.

"आई, तूच करून बघ." सायमीने चुंबक तिच्या हातात दिलं.

त्यूनेने ते काट्याजवळ नेलं. सदतीस. लांब नेलं. शून्य. पुन्हा जवळ, पुन्हा लांब.

"म्हणजे याला काहीच माहीत नाही? तो गेलाय का आहे, तेसुद्धा?"

"नाही. कुणालाच माहीत नाही, आई. मलाही नाही."

"मग इथं काय करताय, मेल्यांनो?" त्यूने किंचाळली. "उठा! जाळी दक्षिणेला आहेत!"

हातभर अंतर ठेवून रांग लागली, काठ्यांनी बर्फ भोसकत निघाली. तासाभरात आर्वो सापडला. उलटलेल्या स्नोमोबाइलखाली पाय चिरडलेला. हातांनी बर्फात खळगा करून त्यात अंग मुडपून पडलेला. डॉक्टर म्हणाले, जीव जाऊन दोन-तीन तास झाले असतील. म्हणजे गाव दुसरा खड्डा खणत होतं, तेव्हा तो वाट बघत होता.

दफनानंतर चर्चच्या सभागृहात कॉफी झाली. कुणीतरी म्हणालं, काही म्हणा, राउतियोचा हेतू वाईट नव्हता. सायमी मान खाली घालून बसली होती. पहिल्याच खड्ड्यापाशी आपण का बोललो नाही, हा सल तिला सोडत नव्हता. तेवढ्यात त्यूने उठली.

"हेतूचं राहू द्या," ती म्हणाली. "सकाळी एकाने जरी म्हटलं असतं, आधी आमच्यासमोर तपासून दाखव, तर माझा पोरगा घरी असता. मी नाही विचारलं. मी त्याची आई होते, मला तेव्हा विचारणं जमणारच नव्हतं. म्हणून ते तुम्ही विचारायचं होतंत. उद्या त्या घसरगाडीवर दुसरी कुणी आई बसलेली असेल. ती तुमच्यावर कितीही चिडली, रडली, तरी तिच्यासाठी तुम्ही विचारा."