सुरू व्हायच्या आत

माझा दादा म्हणजे सिनेमातला चिंगूस माणूस. एक खोली, एक माणूस, एक खिडकी, की झाली त्याची फिल्म. संगीत नको, गोष्टही फारशी नको. ‘ॲक्शन’सुद्धा तो म्हणत नाही, तसं म्हटलं की माणसं लगेच नाटकी होतात म्हणे. मी त्याची धाकटी बहीण आणि ध्वनिमुद्रक, म्हणजे बहुतेक वेळा बिनकामाची.

बाबांच्या घशाचं ऑपरेशन गुरुवारी होतं. आवाज जाणार, हे डॉक्टरांनी आडपडदा न ठेवता सांगितलं होतं. त्याआधी दादाला बाबांवर फिल्म करायची होती आणि मला त्यांचा आवाज धरून ठेवायचा होता. दादा हट्टाला पेटला. बाबांचे हात पुरेत, माईक घरीच ठेव म्हणाला. मीही मुकाट्याने ऐकलं, याचा मला अजून संताप येतो.

बाबा चष्मे बनवतात. दुपारी दुकानात ऊन येतं आणि घासून ठेवलेल्या भिंगांतून त्याचे तुकडे भिंतीवर पोहत राहतात. दादा रस्त्यावर, काचेपलीकडे कॅमेरा लावून उभा होता. मी आत, कॅमेऱ्याला न दिसणाऱ्या कोपऱ्यात. बाबा भिंग पुसायचे, उजेडात धरायचे, पुन्हा पुसायचे. किती वेळ गेला कोण जाणे. मला वाटलं, आम्ही तिघं पाण्याखाली आहोत आणि गुरुवार वर कुठेतरी राहिलाय. मध्येच बाबा माझ्याकडे वळून काहीतरी बोलले आणि हसले.

ऑपरेशन नीट पार पडलं. पंधरा दिवसांनी आम्ही दोघं घरी फिल्म बघत बसलो. बाबा शेजारच्या खोलीत पडले होते, दार उघडंच होतं. पडद्यावर त्यांचे ओठ हलले तसं दादाने चित्र थांबवलं.

“काय म्हणाले गं?”

कॅमेरा कधीचा सुरू होता, हे बाबांना कळलंच नव्हतं. कुणी ‘ॲक्शन’ म्हणालंच नव्हतं ना.

“म्हणाले, सुरू व्हायच्या आत त्याला विचार, जेवलाय का. मी विचारलं की खेकसतो.”

आणि ते विचारायचं माझ्याकडून राहूनच गेलं होतं.

त्यांच्यासारखं म्हणून दाखव, दादा म्हणाला. मी तीनदा म्हटलं. बाबांचा आवाज काही निघेना. मला रडू आवरेना.

दादा उठला आणि शेजारच्या खोलीच्या दारात जाऊन उभा राहिला.

“नव्हतो जेवलो, बाबा.”

बाबांनी पलंगावर थोडं सरकून त्याला जागा करून दिली.