सेतूच्या ओठावर आठ वर्षं

मी एक मिशी आहे. खरी नव्हे, जाळीवर विणलेली, गोंदानं चिकटवायची. हसायचं असेल तर आत्ताच हसून घ्या. मला वेळ थोडा आहे आणि सांगायचं पुष्कळ आहे.

माझा जन्म कुंभकोणमचा, १९५० सालचा. कृष्णमूर्तींच्या नाटक कंपनीत मणी नावाचा म्हातारा कारागीर होता. टोप, दाढ्या, गंगावनं, सगळं तोच करी. देवळात मुंडन करून वाहिलेले केस तो आणायचा, रिठ्यानं धुवायचा आणि आकड्याच्या बारीक सुईनं एकेक केस जाळीत ओवून गाठ मारायचा. दोन काळे, एक पांढरा. पुन्हा दोन काळे, एक पांढरा. मला पुरी व्हायला सहा दिवस लागले. ते केस कोणाचे, कोणत्या नवसाचे, मला ठाऊक नाही. कोणीतरी देवाला दिलं आणि देवानं नाटकाला दिलं.

मला ज्या ओठावर पहिल्यांदा बसवलं तो ओठ बावीस वर्षांचा होता. सेतू त्याचं नाव. घरात जुन्या वळणाची मराठी बोलणारा, उंबरा ओलांडला की तमिळ. राजपुत्रासाठी त्याचं नाक मोठं होतं आणि राणीसाठी आवाज जाड होता. कृष्णमूर्तींनी त्याला दोनदा खालपासून वरपर्यंत पाहिलं आणि म्हणाले, "तू म्हातारा हो." सेतू म्हातारा झाला. बावीस वर्षांच्या पोराच्या गुडघ्यांत पाहता पाहता साठ वर्षं उतरली. कोपऱ्यात बसून पाहणारा मणी सुई खाली ठेवून उठून उभा राहिला.

पण त्याआधी एक गोष्ट झाली. सेतूला स्वतःची मिशी होती, कोवळी आणि काळीभोर. मणी धाकट्या भावाला हाक मारावी तसं म्हणाला, "तंबी, मिशीवर मिशी बसत नाही. उतरव." सेतूनं कंपनीच्या विहिरीवर बसून ती उतरवली. त्याला वाटलं, केसच तर आहेत.

त्याचे वडील पांडुरंगराव. त्यांचे पूर्वज तंजावरच्या राजवाड्यात कारकून होते. राज्य जाऊन शंभर वर्षं होत आली, दप्तरं गेली, मान गेला. मिशी तेवढी राहिली. मिशा न ठेवणाऱ्या शेजाऱ्यांत त्या भरघोस मिशीमुळं सारी गल्ली त्यांना 'मीसै रायर' म्हणे, म्हणजे मिशीवाले राव. त्यांच्या घरचा रिवाज असा, की पुरुषाची मिशी आयुष्यात उतरते ती फक्त वडील गेल्यावर.

त्या दिवशी सेतू घरी गेला तेव्हा मी त्याच्या काखेतल्या डबीत होते. ओसरीवर पांडुरंगराव कॉफी पीत होते. मुलाचं तोंड पाहिलं आणि पितळी वाटी खाली ठेवली.

"कोण मेलं?"

"कोणी नाही, अप्पा. नाटकाला..."

"बाप जिता असता मिशी उतरत नाही. उतरली, म्हणजे बाप मेला. शरी, बरं. मी मेलो. मेल्याशी बोलू नये."

"अप्पा, महिन्यात उगवेल हो!"

"आणि पुन्हा उतरवशील. तुज नाटक पाहिजे, कर. तुझ्या हातचं पाणी मज नको. मरतानाही नको."

सेतूची थोरली बहीण गोमती दारात उभी होती. नवरा गेल्यापासून ती माहेरीच राहायची. ती म्हणाली, "अप्पा, पोर आहे ते." पांडुरंगरावांनी वाटी उचलली आणि उरलेली कॉफी अंगणात ओतून दिली.

त्यानंतर त्या घरात बाप-लेकात एक शब्द झाला नाही. सेतू जेवायला बसला की पांडुरंगराव उठत. ते गोमतीला म्हणत, "त्याला सांग, दार लाव." तो हातभर अंतरावर असे.

आणि मी? मी मात्र वैभवात होते. साक्कोट्टैला आमचा मांडव पडला, तिरुनीलक्कुडीच्या उत्सवात आम्ही खेळ केले. मी सेतूच्या ओठावर बसून जमीनदार झाले, दिवाण झाले, मुलीच्या लग्नात पागोटं गहाण टाकणारा बाप झाले. रस्त्यात पोरं त्याला 'तात्ता' म्हणून हाका मारत. तात्ता म्हणजे आजोबा. चोविशीतल्या माणसाला!

म्हातारा कसा करायचा हे सेतूला कोणी शिकवलं नव्हतं. बोलण्याआधी तो मला उजव्या टोकाला धरून पीळ देई. मग घशातल्या घशात दोनदा खाकरे आणि उपरणं डाव्या खांद्यावरून उजव्यावर टाकी. कुंभकोणमात पहिल्या खेळाला हे केलं तेव्हा अर्धा मांडव ओरडला, "अरे, मीसै रायर!" आणि हशा पिकला.

ते पांडुरंगरावांच्या कानावर गेलंच. दुसऱ्या दिवशी गोमती कंपनीत आली. "अप्पा म्हणतात, मेल्या बापाची सोंगं काढून लोकांना हसवतोस, लाज नाही वाटत? दोन दिवस जेवले नाहीत रे ते."

ती गेल्यावर सेतू मला डबीत ठेवता ठेवता मणीला म्हणाला, "नक्कल नव्हे ती, मणी. घरी ते माझ्याशी बोलत नाहीत. इथं बोलतात."

माणसांनो, मला तुमचा राग येतो! तुम्हीच मला घडवता, माझ्याकडं पाहून रडता, माझ्याकडं पाहून हसता, आणि घरी जाऊन ओठावरच्या चार केसांवर बाप-लेकाचं नातं तोलता. मी खोटी आहे हे मला ठाऊक आहे. तुमची खरी मिशी तरी काय मोठं खरं सांगते?

चोपन्न साली कंपनी मोडली. आमच्या मांडवाच्या जागी फिरता सिनेमा आला. सेतू मला घेऊन मद्रासला गेला.

तिथं अकरा चित्रपट केले आम्ही. कधी न्यायाधीश, कधी पोस्टमन, कधी देवळाचा पंच. तीन वाक्यं, पाच वाक्यं, एकदा नुसता खोकला. नायकाचा चेहरा भिंतींवर चढे; सुरुवातीच्या नावांच्या पाटीवर सेतूचं नाव एकदाही आलं नाही. लोक थिएटरात त्याच्यासाठी डोळे पुसत आणि बाहेर पडून विचारत, "तो म्हातारा कोण होता हो?" शेजारचा म्हणे, "असेल कोणी म्हातारा."

नाटकात माझी जाळी दिसत नसे. कॅमेरा मात्र नाकाशी येतो. म्हणून रंगभूषाकार गोंदाचे थर चढवत, दिव्यांच्या उष्णतेत तो गोंद ओठात शिजे, आणि संध्याकाळी मला रॉकेलच्या बोळ्यानं ओरबाडून काढत. माझ्याबरोबर कातडी निघे. सेतूचा वरचा ओठ आधी लाल झाला, मग काळसर, मग चामड्यासारखा. हे मीच केलं. ज्या ओठानं मला जीव दिला, त्याचाच जीव मी घेतला. याची लाज मला अजून आहे.

अठ्ठावन्न सालच्या चैत्रात एका डायरेक्टरनं त्याला बोलावलं. बापाचं काम, पहिल्या रिळापासून शेवटच्या रिळापर्यंत. शेवटी संन्यास घेणारा बाप, म्हणून डोकं आणि तोंड तुळतुळीत हवं. आणि पाटीवर नाव! सेतू खोलीवर आला आणि भिंतीला पाठ लावून नुसता बसून राहिला.

त्याच आठवड्यात गोमतीचं कार्ड आलं. "अप्पांचे डोळे गेले. अंगात त्राण नाही. काल आपण होऊन बोलले: मिशी राखून आला तर त्याच्या हातचं पाणी घेईन. सेतू, ऐकतोस ना रे?"

सेतूनं काम सोडलं. डायरेक्टर म्हणाला, "वेडा आहेस. पुन्हा या दारात येऊ नको." सेतू खोलीत बसून मिशी वाढवू लागला.

रोज सकाळी आरसा. दहा दिवस, वीस दिवस. खोबरेल झालं, कांद्याचा रस झाला, वैद्याचा लेप झाला. गालांवर दाढी दाट आली. ओठावर इकडं चार केस, तिकडं तीन, मधे जळलेलं रान. चाळिसाव्या दिवशी त्यानं आरसा पालथा घातला. त्याच दुपारी तार आली: लगेच निघ.

कुंभकोणम स्टेशनच्या प्रतीक्षालयात, भरदिवसा, त्यानं दाढी उतरवली, डबी उघडली आणि मला ओठावर बसवलं. मी दोनदा वाकडी बसले. आठ वर्षं त्यानं म्हाताऱ्यांची, बापांची कामं केली होती. आज पहिल्यांदा मुलाचं काम होतं.

घरात पांडुरंगराव चटईवर होते. उशाशी गोमती, पायथ्याशी शेजारच्या मीनाक्षीबाई.

"अप्पा, मी सेतू."

आठ वर्षांनी ते त्याच्याशी बोलले. "जवळ ये."

त्यांची बोटं वर आली. हनुवटी, गाल, मग मी. डाव्या टोकापासून उजव्या टोकापर्यंत त्यांनी मला चाचपलं. "दाट आहे," ते म्हणाले. "माझ्यासारखी." मला वाटलं, जिंकलो आम्ही! मग त्यांच्या नाकपुड्या हलल्या.

"गोंद."

सेतूनं बोटानं मला ओठावर दाबून धरलं.

"आज कोणाचं काम?"

"तुमच्या मुलाचं, अप्पा."

मीनाक्षीबाईंनी तोंडाला पदर लावला. "अय्यो, मरत्या माणसाशीसुद्धा सोंग!"

गोमती कडाडली, "गप्प बसा तुम्ही! अप्पा, आता तरी सोडा की. पाणी काय मिशी पाजते? हात पाजतो!"

पांडुरंगरावांनी माझं एक टोक नखानं उचललं आणि हलकेच, फार हलकेच, मला सोलून काढलं. इतक्या हळुवारपणे मला कोणी कधी काढलं नव्हतं. मग त्यांचा अंगठा उघड्या ओठावर गेला. खरखरीत कातडी, फोड, खड्डे.

"हे काय?"

"गोंदानं जळलं. आता उगवत नाही, अप्पा. चाळीस दिवस पाहिलं."

मला त्यांनी मुठीत घेतलं आणि मूठ हनुवटीखाली ओढून घेतली. माझं एक टोक बोटांतून बाहेर राहिलं होतं, ते त्यांच्या कंठावर टेकलं. सेतूनं पळीत कावेरीचं पाणी घेतलं आणि त्यांच्या ओठांशी नेलं. ओठ विलग झाले. पाणी आत गेलं. थोडं ओठाच्या कोपऱ्यातून बाहेर ओघळलं. आणि संपलं. मान कलली.

"घेतलं का?" सेतूनं विचारलं. "अक्का, गिळलं का त्यांनी?"

"घेतलं रे."

"बाहेर आलं सगळं," मीनाक्षीबाई पुटपुटल्या. "मी पाहिलं."

तेव्हापासून तो हेच विचारतोय. गोमतीनं देवाची शपथ घेतली. तो म्हणाला, "तू माझी अक्का. तू असंच सांगणार." आज सकाळी रंगा न्हावी आला. त्यानं सेतूच्या ओठाकडं पाहिलं, मान खाली घातली आणि कोरडाच वस्तरा फिरवला. "इथं काढायला काही नाही, राव." सेतू त्यालाही म्हणाला, "रंगा, तू इतकी प्रेतं पाहिलीस. पाणी गिळलेलं कळतं का रे?"

भटजींनी मूठ उघडायला सांगितली. सेतू म्हणाला, "राहू द्या." म्हणून मी अजून आत आहे. तिरडी उचलली आहे, खांदेकरी घाटाकडं वळले आहेत. मी केसांची आहे. मला जळायला निमिषही लागणार नाही, त्याचं मला दुःख नाही. पण जे मला ठाऊक आहे ते दुसऱ्या कोणालाही ठाऊक नाही. माझं टोक त्या कंठावर होतं. कंठ वर आला आणि खाली गेला. एकदा, सावकाश. तो घोट माझ्या अंगावरून गेला.

मला आवाज नाही. तुम्हाला आहे. पुढं मडकं धरून चाललेला, ओठाला फोड आलेला तो माणूस सेतू. धावा, त्याला गाठा. त्याला सांगा, अप्पांनी पाणी घेतलं.