खिळा

"थो खिया उचल न बे."

रोबोटचा निळा दिवा लुकलुकला. "मला समजले नाही. कृपया पुन्हा सांगा."

इंद्रभान सरांनी पुन्हा सांगितलं, बहिऱ्या सासऱ्याशी बोलावं तसं ओरडून. रोबोटला तेही समजलं नाही, पण त्याचा सभ्यपणा ढळला नाही. त्या आयटीआयमध्ये इतक्या सभ्यपणे कोणी कोणाशी बोलल्याचं सरांना आठवत नव्हतं.

बाकावरून रोबोटिक्सच्या नव्या वर्गातली प्राची म्हणाली, "सर, त्याले खिया नाई समजत. खिळा म्हना."

"मंग मी काय म्हनून राह्यलो?"

"खिया."

"तेच त!"

पोरं हसली. सर चिडले. "अन् तू 'म्हना' म्हनते, ते चालते काय वं?"

"मले कुठी नोकरी टिकवाची हाय, सर?"

हे मात्र खरं होतं. सरांच्या टर्नरच्या, म्हणजे लेथवर लोखंड कातायच्या वर्गाला यंदा एकही अर्ज आला नव्हता. सरांच्या लेथ मशीनवर ताडपत्री पडली होती आणि शेजारी एका हाताचा रोबोट येऊन बसला होता. सोमवारी अमरावतीचे साहेब येणार होते. त्यांच्यापुढे रोबोटने सरांचं ऐकलं, तर सर रोबोटिक्स शिकवणारे निदेशक. नाही ऐकलं, तर बदली थेट राज्याच्या टोकाला, सिरोंच्याला. निवृत्तीला राहिली होती दोन वर्षं.

एकोणतीस वर्षं ते पोरांना सांगत आले होते, "मशीन बोलते बे, तुमी आयका." लेथच्या नुसत्या आवाजावरून ते हत्यार बोथट झाल्याचं पाठमोरे सांगत. आता मशीन ऐकणार होतं आणि बोलायचं सरांना होतं.

आठवडाभर त्यांनी जिभेवर काम केलं. ळ म्हणताना ती कुठे टेकते, ते प्राचीने मोबाईलवर बघून सांगितलं. घरी जाताना मेहकरच्या बसमध्ये सर खिडकीकडे तोंड करून पुटपुटत, "खिळा. काळा. वळा." शेजारच्या बाईने एकदा पिशवी उचलून जागा बदलली.

सोमवारी उत्तमराव साहेब आले, सत्कार झाला, त्यांच्या अंगावर शाल पडली. सर रोबोटसमोर उभे राहिले.

"खिळा उचला. डावीकडे वळा. काळ्या पेटीत ठेवा."

रोबोटने खिळा उचलला, वळला, ठेवला. टाळ्या झाल्या. साहेबांना हुरूप आला. ते स्वतः पुढे सरकले आणि रोबोटला म्हणाले, "आता थो खिया मले दे बरं."

"मला समजले नाही. कृपया पुन्हा सांगा."

कोणी हसलं नाही. साहेब होते.

"साहेब, खिळा," इंद्रभान सर हळूच म्हणाले.

साहेबांनी त्यांच्याकडे पाहिलं. मग शाल सावरत म्हणाले, "तुमाले जमलं बुवा. आता हलू नका इथून."

घरी पोचेपर्यंत सरांना आनंद होईल असं वाटत होतं. बसमध्ये झाला नाही, तो घराच्या पायरीवरही झाला नाही. बाहेरच्या खोलीत बसून त्यांनी स्वयंपाकघराकडे तोंड करून सांगितलं, "माझी बदली टळली. काळजी करू नका."

आत भांड्यांचा आवाज थांबला. मग त्यांच्या पत्नी चांगुणाबाई चहा घेऊन आल्या. डोक्यावर पदर होता. हातात नेहमीचा स्टीलचा पेला नव्हता, पाहुण्यांची कपबशी होती.

त्यांनी खोलीभर पाहिलं, दाराबाहेरही डोकावलं.

"तुमीच होय जी? मले वाटलं, कोनी साहेब आले."

सरांना म्हणायचं होतं, मीच हाव वं. त्यासाठी त्यांनी तोंड उघडलंही. पण जीभ टाळूला टेकून 'ळ'साठी तयार होती.

त्यांनी कपबशी घेतली आणि फुरका न मारता चहा प्यायला.