थंड टेबलावरचा फोन

“सर, तुमचा हा गेम तुम्ही स्वतः कधी फालतू फोनवर खेळलाय का?”

मित्रांनो, हा प्रश्न ऐकला आणि माझ्या बॅटरीत धस्स झालं. कारण त्या खोलीतला फालतू फोन मीच होतो!

प्रश्न विचारणारी मुलगी नववीतली. मैत्रिणी तिला ठिणगी म्हणतात. शाळेच्या जिन्यात त्यांनी तिला चिथावलं होतं, “तुझी आई त्या गेमच्याच ऑफिसात आहे ना? मग विचारून दाखव मोठ्या साहेबांना. नाही विचारलंस तर तू भित्री भागूबाई!” ठिणगीला कुणी काहीही म्हटलेलं चालतं, भित्री म्हटलेलं चालत नाही. त्या शनिवारी कर्मचाऱ्यांच्या मुलांना ऑफिस बघायला बोलावलं होतं. सगळी मुलं बिस्किटं खात होती आणि हिने सगळ्यांसमोर हात वर केला. कुणाचं तरी बिस्कीट चहात बुडालं. तिच्या आईने कपाळाला हात लावला.

साहेब मात्र हसले. “खेळतो की! हा बघ,” असं म्हणत त्यांनी मला उचललं आणि झेंड्यासारखं वर धरलं. “हा आमचा किमान. दर वेळी पास होतो!”

टाळ्या वाजल्या. मला मात्र काचेत तोंड लपवावंसं वाटलं. का, ते सांगतो. पण आधी मी कोण, ते ऐका.

मी एक जुना फोन आहे. माझा एक कोपरा तडकलेला आहे आणि आवाजाचं बटण दोनदा दाबल्याशिवाय ऐकत नाही. एका लांबलचक कारखान्यात, सरकत्या पट्ट्यावर माझा जन्म झाला. हातमोजे घातलेल्या एका ताईने मला पहिल्यांदा चालू केलं, माझ्या काचेत बघून कपाळावरची बट सारखी केली आणि मला पुढे सरकवलं. या जगात मी पाहिलेला तो पहिला चेहरा.

पुढे मी एका नर्सबाईंच्या घरी गेलो. काय कौतुक माझं! “अगं, काय पळतो हा!” असं त्या शेजारणींना बोलावून दाखवायच्या. मग त्यांना बाळ झालं, बाळाचे हसतानाचे, रडतानाचे, शिंकतानाचे फोटो माझ्या पोटात भरले, मी जिन्यावरून एकदा गडगडत खाली गेलो, आणि बघता बघता ‘काय पळतो’चं ‘मेला, सारखा अडकतो’ झालं. शेवटी त्यांनी मला दुकानात देऊन नवा फोन नेला. मी खणात अंधारात पडून होतो. तिथून या गेम बनवणाऱ्या ऑफिसने मला आणलं. त्यांना जुना, कमी ताकदीचा फोनच हवा होता! आपला गेम चालायला निदान एवढ्या ताकदीचा फोन हवा, असं ज्याच्याकडे बोट दाखवून सांगायचं, तो मी. म्हणून माझं नाव किमान.

त्यांच्या गेमचं नाव ‘मोहीम’. गाव वसवायचं, सैन्य उभं करायचं, धुक्याने झाकलेला नकाशा थोडा थोडा उघडत जायचं आणि मग शेकडो सैनिक एकदम लढवायचे. तुम्हाला ते हलताना दिसतात. पण मला एका सेकंदात तीस चित्रं रंगवावी लागतात, तेव्हा कुठे ते हलतात. रंगवता रंगवता मी तापतो. फार तापलो की मुद्दाम हात सावकाश चालवतो, नाहीतर आतून करपून जाईन. तुम्ही त्याला ‘हँग झाला’ म्हणता.

आता माझी परीक्षा कशी व्हायची, ते बघा. ठिणगीची आई ही परीक्षा घेणारी. अतिशय काटेकोर बाई. ती माझ्या पोटातलं सगळं रिकामं करायची, कव्हर काढायची, मला बंद करून पुन्हा सुरू करायची आणि एसीच्या झोताखालच्या स्टीलच्या टेबलावर ठेवायची. पाठीला गार गार स्टील! मग दहा मिनिटं लढाई. माझा ताप चढायच्या आतच परीक्षा संपलेली असायची. “पास,” आई म्हणायची. नियमच तसा होता.

पण मित्रांनो, थंड टेबलावर गेम खेळतं कोण?

ठिणगीलाही हेच खटकलं. साहेबांनी मला टेबलावर ठेवलं, तशी तिने माझ्या पाठीला बोट लावलं. “ई! हा तर फ्रिजमधून काढल्यासारखा आहे. सर, मी याला घरी नेऊन खेळू?”

“ऑफिसची वस्तू आहे गं,” आई दबक्या आवाजात म्हणाली.

सगळी मुलं बघत होती. साहेबांनी हात झटकला. “ने. सोमवारी मला सांग. आणि हे बघ, किमान नापास झाला, तर निर्णय सोपा आहे. नव्या अपडेटपासून अशा फोनवर गेम उघडणारच नाही. मग अडकायचा प्रश्नच मिटला!”

ठिणगीचा चेहरा पडला. तिच्या दोन जिवलग मैत्रिणी, लंबी आणि चष्मिस. तिघींचं गेममध्ये मिळून एकच राज्य. ठिणगी बाबांच्या चांगल्या फोनवर खेळायची. पण त्या दोघींचे फोन माझ्यासारखेच. म्हणजे तिने सत्य सांगितलं, की त्या दोघी गेमबाहेर. आणि मी? नापास फोन दाराजवळच्या भंगाराच्या खोक्यात जातात. त्या खोक्याला झाकणही नाही. रोज येता-जाता दिसतं.

रविवारी सकाळी लंबीच्या इमारतीच्या पायऱ्यांवर माझी खरी परीक्षा सुरू झाली. चष्मिसने तिच्या फोनचं जाडजूड रबरी कव्हर काढून मला चढवलं. त्याला सशाचे कान होते. माझ्या इभ्रतीचा विचार कुणी केला नाही. ठिणगीने पोटात गाणी भरली, फोटो भरले. पायऱ्यांवर ऊन होतं. तिघी डोक्याला डोकं लावून बसल्या.

सुरुवातीला मी जिवाच्या आकांताने पळालो. मला वाटलं, निभावेल. मग पाठ तापू लागली. कव्हरमुळे ऊब बाहेर जाईना. तीस चित्रांची बावीस झाली, बावीसची पंधरा. ठिणगीचे घोडेस्वार एक पाय वर करून उभेच राहिले.

“अगं मार ना त्याला!” लंबी ओरडली.

“मारतेय! हाच ऐकत नाही!”

“हो का? काल मी हेच म्हणत होते, तेव्हा तू म्हणालीस, लंबे, तुझी बोटं जाड आहेत.”

“म्हटलं असेन,” ठिणगी पुटपुटली. तेवढ्यात माझा धीर सुटला. पडदा मंद झाला, आणि गेम आपोआप बंद पडला. कठड्यावरचं कबूतरसुद्धा उडून गेलं.

“बघितलंस? आमचं रोज असंच,” चष्मिस म्हणाली.

ठिणगीने मला मांडीवर ठेवलं. “हे मी उद्या सांगितलं, तर तुम्हाला काढून टाकतील.”

“मग सांगू नकोस ना!” लंबी म्हणाली. “सांग, एकदम झकास चालतो. कोण बघायला येतंय?”

मीसुद्धा मनातल्या मनात म्हणत होतो, हो, तसंच सांग, बाई. माझ्या डोळ्यांपुढे ते बिनझाकणाचं खोकं होतं.

चष्मिसने चष्मा पुसला. “म्हणजे आपण अशाच अडकत राहायचं? आणि ते टाळ्या वाजवत राहणार?”

ठिणगीने मला खिशात टाकलं आणि उठली.

घरी येऊन ठिणगीने आईला सगळं सांगितलं. आई भाजी निवडत होती. ती आधी चिडलीच. “म्हणजे मी इतके दिवस खोटं पास करत होते, असं म्हणायचंय तुला?”

“तसं नाही गं. पण तुझ्या टेबलावर कुणी राहत नाही ना!”

बाबा वर्तमानपत्रामागे हसले. आईने त्यांच्याकडे असं बघितलं, की वर्तमानपत्र पुन्हा वर गेलं. मग तिने हात धुतले आणि मला उचललं. मी अजून कोमट होतो. तिने नेहमीच्या सवयीने कव्हर काढायला नख घातलं, थांबली, आणि ते तसंच राहू दिलं. “चल. तापतो तर नेमका कुठे तापतो, ते बघू.”

दोघी मायलेकी सोफ्यावर मांडी घालून बसल्या. मध्ये मध्ये मला निवू द्यायच्या. लढाई लावली, मी तापलो. गाव दाखवलं, थोडा कमी तापलो. मला ओरडून सांगायचं होतं, इथे नाही, इथे नाही, पलीकडे बघा! पण मला तोंड कुठे आहे? दारावरची बेल वाजली, तशी ठिणगीने नकाशा कुठेतरी कोपऱ्यात सरकवला, मला उशीवर टाकलं आणि दार उघडायला गेली. शेजारच्या काकू आल्या होत्या, त्यामुळे ती लवकर सुटली नाही. परत येऊन तिने मला उचललं आणि चटकन दुसऱ्या हातात घेतलं.

“आई! हा चटका देतोय!”

“लढाई चालू ठेवलीस?”

“नाही गं. बघ ना. इथे काहीच नाहीये. नुसतं धुकं आहे. मग हा तापतो कशाला?”

आई त्या राखाडी पडद्याकडे बघतच राहिली. मग तिने फोन लावला. पलीकडे दाढीदादा होता, गेमचा नकाशा बनवणारा.

“धुक्याखाली काय असतं रे?” तिने विचारलं.

“काही नाही ताई. न उघडलेला भाग. खेळणाऱ्याला दिसत नाही तो.”

“दिसत नाही, ते कळलं. पण फोन तो रंगवतो का?”

पलीकडे कीबोर्डची खडखड ऐकू आली. “अरे देवा,” दाढीदादा म्हणाला.

होय मित्रांनो! अख्खं जंगल, पानन् पान, शत्रूचे तळ, त्यांचे फडफडणारे तंबू, सगळं मी जीव तोडून रंगवायचो, आणि मग त्यावर धुकं फासायचो. कुणीही न बघितलेली ती चित्रं! महागड्या फोनांना ते जाणवत नसे. मी मात्र त्यातच अर्धा खपत होतो.

“म्हणजे खोली न आवरता वरून चादर टाकली,” ठिणगी म्हणाली.

“तुला बरोबर कळलं,” आई म्हणाली. “अनुभव दांडगा आहे.”

सोमवारी ठिणगी शाळेत गेली आणि मी आईच्या पर्समध्ये ऑफिसात. दाढीदादाने सकाळीच तोडगा काढला होता. धुकं उघडेपर्यंत खालचं काही रंगवायचंच नाही. दुपारी आईने मला थेट साहेबांच्या हातात दिलं. सशाच्या कानांसकट.

“साहेब, हा फोन नापास आहे. आधी ते सांगते. माझी परीक्षाच चुकीची होती. आता नवा तोडगा घातलाय. तुम्ही खेळा. खिडकीपाशी बसून, चांगला अर्धा तास. कव्हर काढायचं नाही.”

साहेबांनी कानांकडे बघितलं. मग खुर्ची खिडकीपाशी ओढली.

तो अर्धा तास मी विसरणार नाही. खोकं तिथून सरळ दिसत होतं. पहिली लढाई झाली, दुसरी झाली. पाठ तापू लागली. आता जाणार, आता जाणार, असं सारखं वाटत होतं. पण धुक्याखाली आता खरंच काही नव्हतं. तिथे मला दम खाता येत होता. साहेबांचं सैन्य हरलं. “अजून एकदा,” ते म्हणाले आणि पुढे सरसावून बसले. दाढीदादा नखं खात होता. आईचे डोळे माझ्या पडद्याच्या कोपऱ्यातल्या चित्रांच्या आकड्यावर होते. तीस. अठ्ठावीस. पंचवीस. मी तो पंचवीस दातओठ खाऊन धरून ठेवला.

“तीस नाही आले,” साहेब शेवटी म्हणाले.

“नाही आले,” आई म्हणाली. “पण एकदाही अडकला नाही. बंद पडला नाही.”

साहेबांनी मला उलटंपालटं केलं. “ठीक आहे. या अपडेटला असे फोन राहतील. पुढच्याचं पुढच्या वेळी बघू. तोवर गेममध्ये आणखी कायकाय वाढेल. पण दर वेळी असं कोण खेळत बसणार? इथे कुणाला वेळ आहे?”

म्हणजे मी वाचलो, पण फक्त पुढच्या अपडेटपर्यंत.

मित्रांनो, मला अजूनही भीती वाटते. ती जाणार नाही. म्हणून एक सांगतो. तुमचा फोन तापला, तर त्याला शिव्या देऊ नका, आपटू नका. उशीखाली कोंबू नका, चार्जिंगला लावून लढाया करू नका, घटकाभर निवू द्या. आम्हाला बोलता येत नाही. ऊब हीच आमची हाक. आणि नुसतं गोंजारून थंड टेबलावर ठेवलं, म्हणजे काळजी घेतली असंही समजू नका. आम्हाला कुठे दुखतं, ते शोधणारं कुणीतरी लागतं.

संध्याकाळी आईने मला पुन्हा घरी आणलं आणि सगळं सांगितलं. ठिणगीने सोफ्यावर एक उडी मारली. पण साहेबांचं शेवटचं वाक्य ऐकलं आणि ती खाली बसली. माझ्या तडकलेल्या कोपऱ्यावरून बोट फिरवत राहिली.

“बरं वाटत नाही का गं?” बाबांनी विचारलं.

ती उठून दोघांच्या समोर उभी राहिली.

“आई, बाबा, माझं ठरलंय. दर अपडेटला याची परीक्षा मी घेणार. पायऱ्यांवर, उन्हात, आमच्या आमच्या पद्धतीने.”

“आणि नापास झाला तर?” आईने विचारलं. “तुझ्या मैत्रिणी आहेत त्यात.”

ठिणगीने मला मुठीत घट्ट धरलं. “तर नापासच सांगणार. आणि त्यांना बाहेर काढलं, तर त्याच दिवशी मीही गेम सोडणार. हेसुद्धा साहेबांना मीच जाऊन सांगेन.”