छातीभर अंतर

दार उघडणाऱ्या बाईने चष्मा वर सारला आणि म्हणाली, "मला वाटलंच होतं, तू येशील म्हणून."

"मग हो म्हण," पहिली उंबऱ्याबाहेरूनच म्हणाली.

"आधी आत तर ये."

उंबऱ्याबाहेर उभी होती, तिला सगळे पहिलीच म्हणत. इस्पितळाच्या धुलाईघरात चादरींना इस्त्री करण्यात तिचा उभा जन्म गेला, आणि तिथल्याच बायकांनी हे नाव तिला चिकटवलं. शाळेत असताना मोठ्या शर्यतीत आपणच पुढे होतो, पंचाने उगाच दुसरी ठरवलं, असं ती सांगायची. सुरुवातीला तावातावाने, मग विषय निघाला तर, आणि शेवटी शेवटी सांगायचंही सोडून दिलं. नाव तेवढं राहिलं. नवरा चारचौघांत म्हणायचा, "आमच्या घरी सगळं ठीक आहे, फक्त पंच आंधळा निघाला." माणूस मायाळू होता, पण त्यालाही ते कधी खरं वाटलं नाही, आणि तो तसाच वारला.

त्या शर्यतीतून एकाच मुलीला खेळाडूंच्या वसतिगृहात जागा मिळणार होती. ती जिला मिळाली, तिच्याच दारात आज पहिली उभी होती. ही दार उघडणारी पुढे खेळ शिकवणारी मास्तरीण झाली. शहरातल्या निम्म्या मुली तिच्या शिट्टीवर धावल्या. दोघी एकाच बाजारात भाजी घेत, आणि एकमेकींना लांबून पाहिलं की गल्ली बदलत.

आणि आता शहरात ते यंत्र आलं होतं. जिथे काही घडून गेलं तिथे ते मांडायचं, दिवस सांगायचा, की त्या जागेत मुरलेला उजेड ते पुन्हा गोळा करून दाखवतं. आवाज येत नाही, पण माणसं होती तशी दिसतात. लोक त्याला नुसतं 'मागचं' म्हणत. कुणी कुंपणाचा वाद मिटवायला जाई, कुणी गेलेल्या आईचा चेहरा बघायला. अट एकच होती: चित्रात जी हयात माणसं दिसणार, त्यांचा होकार लागे. त्या शर्यतीच्या वेळी मैदानावर असलेल्यांत आता या दोघीच उरल्या होत्या.

मास्तरणीने पाणी दिलं आणि ती गुडघा चोळत बसली. मग म्हणाली, "तू पहिली निघालीस, तर मी कोण गं?"

तुझं मला काही नको, पहिली म्हणाली; नोकऱ्या दोघींच्याही संपल्या. मला फक्त डोळ्यांनी बघायचंय.

मास्तरणीने मान हलवली. नाही जमायचं म्हणाली. पहिली पाण्याला न शिवता उठली.

घरी सुनेने समजूत घातली, की इतक्या जुन्या गोष्टीचं काय घेऊन बसायचं, आई. पहिलीने हं म्हटलं आणि वाळलेल्या कपड्यांच्या घड्या घालायला घेतल्या. दुखणं जुनं झालं म्हणून ते परक्याचं होत नाही, हे सांगून कळण्यासारखं नव्हतं.

काही दिवसांनी भर दुपारी मास्तरीण काठी टेकत तिच्या दारात आली. दोन जिने चढून तिला धाप लागली होती.

"फीत लागलेली मला आठवतच नाही," ती म्हणाली. "सगळ्यांनी उचलून घेतलं, म्हणून मी पहिली. नंतर मुलींना जिंकायला शिकवताना दरवेळी मनात यायचं, आपल्याला तरी कुठे ठाऊक आहे. चल. काय असेल ते असू दे."

यंत्रवाल्याने शाळेच्या मैदानावर यंत्र मांडून उजेड गोळा करून आणला होता. अंधाऱ्या खोलीत दोन खुर्च्या होत्या. भिंत उजळली आणि मैदान दिसलं, धूळ दिसली, रेषेवर वाकलेल्या मुली दिसल्या. स्वतःला ओळखायला पहिलीला वेळ लागला. काटकुळी, अनवाणी, वेणी अर्धी सुटलेली. उभं राहून राहून सुजलेले पायच तिला आता आपले वाटत. भिंतीवरचे हे पाय जमिनीला टेकतायत की नाही, तेच कळत नव्हतं.

"काय धावतेयस गं तू," मास्तरीण पुटपुटली.

"आणि तू? वाऱ्यासारखी येतेयस मागून."

चित्र संपलं. यंत्रवाल्याने विचारलं, दिसलं ना? दोघींनी एकमेकींकडे पाहिलं. फितीकडे दोघींचंही लक्ष नव्हतं. तो हसला आणि त्याने पुन्हा लावलं, या वेळी सावकाश.

फीत पहिलीच्या छातीने वाकवली. मग, डोळा लवावा तेवढ्या वेळाने, दुसरी छाती आली. आणि नेमक्या त्याच घटकेला पंच दोन्ही हातांनी उडणारी टोपी सावरत होता.

मग मास्तरीण काठीवर भार देऊन उठली, तिच्यासमोर ताठ उभी राहिली, आणि मैदानावर निकाल सांगायची त्याच आवाजात म्हणाली, "पहिली."

हे नाव तिने जन्मभर ऐकलं होतं. निकाल म्हणून आजच ऐकलं. आपण रडू किंवा भांडू असं तिला वाटलं होतं, पण पोटातून हसूच उसळून आलं. त्या टोपीचं हसू, नवऱ्याच्या आंधळ्या पंचाचं हसू, आणि खाली नुसता निखळ आनंद. मास्तरीणही हसायला लागली आणि गुडघा धरून पुन्हा खाली बसली. शाळेच्या विजेत्यांच्या फलकावरचं नाव मी स्वतः बदलून घेते, उद्याच जाते, ती म्हणाली. पहिली म्हणाली की ते करच, पण आधी अजून एकदा लावायला सांग. आता फीत नको. नुसतं धावणं बघू.

बाहेर आल्या तेव्हा थांब्यावरची बस हलायच्या बेतात होती. पहिलीने पिशवी काखेत मारली आणि धावत सुटली. मागून मास्तरीण ओरडली, पडशील, जपून. ती पडली नाही. बसचा दांडा तिने पकडला तेव्हा चालक म्हणाला, "आजी, जरा बेताने."

"थांबा," ती धापा टाकत म्हणाली. "मागून एक जण येतेय."

आणि एक पाय पायरीवर, एक रस्त्यावर ठेवून ती तशीच उभी राहिली, काठी टेकत येणाऱ्या त्या बाईकडे बघत.